वाजवणारे मागनं

कुंकवाच्या रिकाम्या डबीत ती पत्ती — ताडाच्या पानाची, नखाएवढी, कडेला काळवंडलेली — आणि वैजयंता तिच्याकडे बघत बसलेली, केस मोकळे, फणी हातातच... बाप गेल्यावर भावानं सनई मोडीत घातली, बापाचा फोटोही ट्रंकेत तळाशी गेला. सनईच्या तोंडाशी बसवायची ही पत्ती तेवढी राहिली, कारण ती कुणाला दिसलीच नाही. आमच्यासारखीच, असं तिला वाटून गेलं, आणि लगेच त्या वाटण्याचा रागही आला.

आज सोलापूरच्या कोर्टात तिची साक्ष होती. मंद्रूपच्या पुढं तिचं गाव. तिथल्या राखीव जागेवर निवडून आलेल्या अनिलकुमारवर खटला होता — जातीचा खोटा दाखला काढल्याचा. दाखल्यावर जी जात लिहिली होती ती त्याची नव्हे, तिची. त्याच्याच लग्नात बाप सनई वाजवायला गेला होता, परकरातली वैजयंता त्याच्याबरोबर. वाजवून वाजवून बापाचे ओठ सुजले, पंक्तीवर पंक्ती उठल्या, तरी ‘वाजवणारे मागनं’ म्हणत त्यांना भांडी घासायच्या जागेशी बसवून ठेवलेलं, आणि समोरून खरकट्या पाण्याचा ओघळ... नवरदेव आमच्यातलाच असता तर बाप व्याह्यांच्या शेजारी नसता बसला? एवढंच सांगायचं होतं. पण सरकारी वकिलांनी बजावलं होतं, त्याआधी तुमची स्वतःची जात विचारतील, ती मोठ्यानं सांगा, पेपरवाले असतील.

आणि नेमका तो शब्द तिनं सोलापुरात कधी उच्चारला नव्हता. खोली बघायला आली तेव्हा काशम्मानं, म्हणजे घरमालकिणीनं, विचारलं होतं, “मंद्रूपकडचे म्हणजे आपल्यातलेच की?” — आणि तिची मान हलली. नुसती मान! त्या हललेल्या मानेवर इतकी वर्षं... काशम्माच्या स्वयंपाकघरातलं जेवण, तापात तिनं कपाळाला लावलेली विभूती, तिला आईसारखं अव्वा म्हणणं. अनिलकुमारनं निदान शिक्का तरी मारून घेतला, मला तेवढाही लागला नाही. त्यानं माझी जात पांघरली, मी काशम्माची. त्याच्यावर खटला भरलाय; माझा कुणापुढं चालायचा?

“झाकली मूठ सव्वा लाखाची,” काल भाऊ फोनवर म्हणाला होता. “पेपरात नाव आलं की खोली जाईल, बघ. औषधाच्या दुकानातलं काम जाईल.” झाकून झाकून मुठीला रग लागली रे दादा, हे उत्तर तिला आत्ता, फणी खाली ठेवताना सुचत होतं.

तिनं पत्ती उचलून जिभेवर ठेवली. पानाचा तुरट कोरडेपणा, आणि त्याच्यामागून — खरंच, की भास? — बापाच्या तंबाखूचा वास. “कोरडी वाजत न्हाय गं,” तो म्हणायचा. “आदी तोंडात धरायची, गप. मऊ झाली की आपसूक बोलती.” आणि वरात खोळंबलेली असली तरी तो तसाच ओठ मिटून बसायचा, लोक ओरडायचे, तो बसायचा... वैजयंताही बसली. बाहेर भाकरी थापल्याचा आवाज येत होता. मग तिनं पत्ती पुसून डबीत ठेवली, केस बांधले आणि स्वयंपाकघराच्या दारात जाऊन उभी राहिली.

“अव्वा, साक्षीला चाललेय.”

“ठाऊक हाय की. त्या खोट्या दाखल्यावाल्याच्या.”

“तो दाखला आमच्या जातीचा हाय. मी तुमच्यातली न्हाय, अव्वा. होलार हाय. बाप माझा सनई वाजवायचा.”

थापणं थांबलं. तव्यावरची भाकरी करपू लागली. काशम्माच्या हातून भाकरी करपलेली वैजयंतानं कधी पाहिली नव्हती. काशम्मा तव्याकडेच बघत होती.

“आमच्या लग्नात बी होते वाजवणारे,” ती सावकाश म्हणाली. “कुटं जेवले कुणास ठाऊक. मी बघितलंच न्हाय.”

मग तिनं करपलेली बाजूला सारली, दुरडीतल्या वरच्या दोन चांगल्या काढल्या, शेंगाची चटणी घातली, फडक्याची गाठ मारली आणि गाठोडं उंबऱ्यावर ठेवलं. खाली. हाताला पीठ होतं म्हणून, की... काशम्मानंही खाली ठेवलेल्या गाठोड्याकडे पाहिलं. पदराला हात पुसले, वाकून ते उचललं आणि वैजयंताच्या हातात कोंबलं. बोटांवरची तव्याची ऊब तिला लागली.

“येवढी वर्सं बोलली न्हाईस,” काशम्माचा आवाज चिरला होता. “संध्याकाळी ये. मग भांडते तुझ्याशी, लई भांडते.”

भांडते म्हणाली. जा म्हणाली नाही... कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकावर वैजयंता हेच घोळवत बसली होती, मांडीवर गाठोडं, अजून कोमट. पलीकडे अनिलकुमार आपल्या माणसांत उभा होता, पांढराशुभ्र, घाम पुसत. तिला त्याची भीती वाटायला हवी होती, ती आलीच नाही. संध्याकाळी काय होईल ते ठाऊक नव्हतं. आतून तिच्या नावाचा पुकारा झाला. ती उठली. पहिला प्रश्न कोणता येणार हे तिला ठाऊक होतं, आणि तोंड कोरडं पडलं नव्हतं.