कात्रीची ड्युटी

माझ्या नाकावर राग असतो हे आधीच सांगून टाकते, नंतर कुणी म्हणायला नको की हिने लपवलं. मी धार लावते. खाटकांचे सुरे, न्हाव्यांचे वस्तरे, शिंप्यांच्या कात्र्या. दिवसभर चाकावर ठिणग्या उडवते, म्हणून सगळे मला धारवाली म्हणतात. मी मुलींकडे बघते हे कळल्यावर बापाने माझा जबडा मोडला होता, तेव्हा मी एकोणीस वर्षांची होते. जबडा जुळला, पण थोडा वाकडा. तेव्हापासून कुणी कुणावर हात उचललेला दिसला की माझं डोकं फिरतं आणि मला पुढचं काही दिसत नाही.

मास्तर आधी माझं गिऱ्हाईक होता. कपडे बेतणारा, म्हणून मास्तर. दहा इंची कात्री घेऊन यायचा आणि मी धार लावेपर्यंत स्टुलावर बसून माझ्या सदऱ्याला नावं ठेवायचा. "हा सदरा आहे की पोतं? बाही तर दुसऱ्याच कुणाची आहे." त्याला पुरुष आवडतात हे त्याने मला सांगितलं नाही आणि माझं मी त्याला सांगितलं नाही. आम्हाला ते एकमेकांकडे बघून कळलं. पुढे तोच मला नर्सताईकडे घेऊन गेला. दर रविवारी तिच्या घरी आमच्यासारखे आठ-दहा जण जमायचे, चहा प्यायचे आणि आठवडाभर जे कुणापाशी बोलता आलं नाही ते बोलायचे.

त्या वर्षी मास्तरने दोनदा जीव द्यायचा प्रयत्न केला. दोन्ही वेळा तीच कात्री होती. डॉक्टर म्हणाल्या, औषध लागू पडायला वेळ लागेल, तोवर धारदार काही त्याच्या खोलीत नको. आता शिंप्याच्या खोलीतून कात्री काढली तर तो खाणार काय? आणि काम थांबलं की त्याचं डोकं जास्तच खायला उठायचं. तेव्हा नर्सताईने तोडगा काढला. कात्री राहील धारवालीकडे. तिने सकाळी नऊला ती घेऊन जायची, मास्तर बेतेपर्यंत समोर बसायचं आणि एक वाजता कात्री खोळीत घालून परत आणायची. दुपार-संध्याकाळ बाकीचे वाटून घेतील. आम्ही तिला कात्रीची ड्युटी म्हणायचो.

नियम दोनच होते. ड्युटीवर असताना खोली सोडायची नाही. आणि मास्तरच्या घरच्या कुणालाही त्या खोलीचा पत्ता कळू द्यायचा नाही.

घरचं म्हणजे मुख्यतः दादा. त्याचा थोरला भाऊ, टायरचं दुकान होतं त्याचं. बाप लवकर गेला, दादाने धाकट्याला वाढवलं, शाळेत घातलं, आणि हा लग्नाला नाही म्हणाला त्या दिवसापासून त्याला बडवायला सुरुवात केली. "मी त्याला माणसात आणतोय" म्हणायचा. मास्तर पळून त्या खोलीत आला होता. पत्ता आम्हालाच ठाऊक होता.

सात महिने ड्युटी चालली. मी समोर बसून वाटाणे सोलायचे नाहीतर झोपा काढायचे, आणि मास्तर खडूने रेघा मारत मला चिडवायचा. हसायलाही लागला होता.

त्या दिवशी मी नऊला गेले तेव्हा तो टेबलाशी पाठमोरा उभा होता. वळलाच नाही. मी कमरेची खोळ उघडून कात्री टेबलावर ठेवली. त्याने ती डाव्या हाताने उचलली. कापड चावल्यासारखं कापलं गेलं. तो पुन्हा प्रयत्न करायला लागला.

"उजव्या हाताला काय झालं?" मी विचारलं.

"काही नाही. दारात सापडला."

मी त्याचा हात ओढून पुढे घेतला. अंगठा जांभळा पडून वांग्याएवढा झाला होता. नख उलटलेलं. कात्रीच्या कडीत तो अंगठा जाणं शक्यच नव्हतं. मी सदऱ्याची कॉलर खाली केली तर मानेवर चार ताजे वळ होते.

मग सगळं बाहेर आलं. आदल्या दिवशी दादाचा फोन आला होता, आई आजारी आहे, शेवटचं बघून जा. हा कुणाला न सांगता गेला. आई दारात धडधाकट उभी होती. दादाने त्याला दुकानात नेऊन शटर खाली ओढलं, विचारलं, "लग्नाला उभा राहतोस की नाही?" आणि हा नाही म्हणाल्यावर त्याचा अंगठा रिमवर ठेवून टायर काढायच्या लोखंडी पट्टीने हाणला. शटरच्या बाहेरून आई म्हणत होती, पुरे कर रे, शेजारी ऐकतील.

"ऐकतील म्हणाली," मास्तर म्हणाला. "लागेल नाही म्हणाली."

मी उठले.

"कुठे निघालीस?"

"तुझ्या भावाला माणसात आणायला."

"धारवाली, जाऊ नकोस." त्याने माझी बाही धरली. "आज नको. काल रात्रीपासून माझ्या डोक्यात ते पुन्हा सुरू झालंय. तू नुसती बस इथे. बोलू पण नकोस. बस."

इतकं स्पष्ट सांगितलं त्याने. माणूस याहून स्पष्ट काय सांगणार? आणि मी त्याचा हात झटकला, दुखरा की बरा तेही पाहिलं नाही, आणि जिना उतरले. मला वाटत होतं की मी त्याच्यासाठीच चालले आहे.

दादा दुकानात एकटाच होता, उकिडवा बसून ट्यूब तपासत. मला ओळखत नव्हता. मी पट्टी उचलली. भिंतीशी चार पट्ट्या होत्या, त्यातली सगळ्यात जाड घेतली आणि त्याच्या गुडघ्यावर घातली. तो कोसळला. "हा अंगठ्याचा," मी म्हटलं. दुसरी खांद्यावर बसली. तिसरी मारायच्या आत त्याने माझा पाय धरून ओढला आणि मी तोंडावर आपटले. दात तुटल्याचं जिभेला कळलं. तो माझ्या पाठीवर बसला आणि केस धरून माझं तोंड फरशीवर आपटायला लागला, एकदा, दोनदा. मी कोपर मागे घातलं ते त्याच्या नाकावर बसलं. नाक फुटलं. चाकावर काम करून माझे हात त्याच्यापेक्षा कमी नाहीत. मी वर आले, गुडघा त्याच्या गळ्यावर ठेवला आणि दाबला. त्याचे डोळे पांढरे व्हायला लागले. मला बरं वाटत होतं. खोटं कशाला बोलू, फार बरं वाटत होतं. खाली मला दादा दिसत नव्हता, माझा बाप दिसत होता.

माझा हात आपोआप कमरेच्या खोळीकडे गेला. कात्री काढून मी काय करणार होते ते मला माहीत आहे.

खोळ रिकामी होती.

कात्री टेबलावर राहिली होती. त्याच्यापाशी. मी गळ्यावरचा गुडघा काढला आणि मोठ्याने म्हणाले, "कात्री तिकडेच राहिली."

दादा खोकत उठून बसला. "कुठे? कुणापाशी?"

"त्याच्यापाशी. एकटा आहे तो."

त्याला आणखी सांगावं लागलं नाही. मास्तर सोळा वर्षांचा असताना पहिल्यांदा त्याला रक्तात पडलेला पाहून पाठीवर घालून दवाखान्यात नेणारा हाच होता. नाकातून रक्त गळत असताना त्याने किल्ली काढली. "टेम्पोत बस. रस्ता सांग."

आणि मी सांगितला. डावीकडे घे. पाण्याच्या टाकीवरून उजवीकडे. इस्त्रीच्या दुकानासमोर थांब. तिसरा मजला. सात महिने जपलेला पत्ता मी चौकाचौकाने त्याच्या हातात दिला, चोराच्या हाती किल्ल्या द्याव्यात तसा, आणि वर त्याला जोरात चालव म्हणून शिव्याही दिल्या. आम्ही दोघंही रडत होतो. त्या दहा मिनिटांत आम्हाला एकच गोष्ट हवी होती.

दार उघडं होतं. खोलीत कुणी नव्हतं. टेबलावर कात्री नव्हती. मी मोरीत पाहिलं, पलंगाखाली पाहिलं, माझ्या तोंडातून रक्त सगळीकडे टपकत होतं. दादा मात्र भिंतीसमोर उभा राहिला. तिथे एक फोटो होता, मास्तर आणि त्याचा जुना मित्र, खांद्यावर डोकं टेकवलेलं. दादाने तो फोटो ओढून फाडला. मग आरसा फोडला. मग टेबलावरचं बेतलेलं कापड दोन्ही हातांनी टराटरा फाडायला लागला, आणि फाडता फाडता ओरडत होता, "कुठे आहे? कुठे आहे माझा भाऊ?"

"इथे आहे," दारातून मास्तर म्हणाला.

मी गेल्यावर कात्रीकडे बघत तो बराच वेळ बसला होता, हे मला नंतर कळलं. मग ती पेपरात गुंडाळून तो खाली उतरला, इस्त्रीवाल्याला म्हणाला, "काका, ही तुमच्याकडे ठेवा आणि मला इथे बसू द्या," आणि तिथून नर्सताईला फोन केला. दुकानाच्या आतल्या बाजूला होता, म्हणून आम्ही त्याला दिसलो नाही. वर आरसा फुटल्याचा आवाज ऐकून तो आला होता.

दादाने त्याला छातीशी धरलं. हुंदके देत होता. "जिवंत आहेस रे, जिवंत आहेस," आणि मग धरलेला हात तसाच मानेवर गेला आणि त्याने मास्तरचं डोकं चौकटीवर आपटलं. "मला घाबरवतोस? मला?" पुन्हा आपटलं. जित्याची खोड. प्रेम आलं तरी त्याला हातच आठवायचा.

मी खुर्ची उचलली.

"तू ती खाली ठेव!" मास्तर माझ्यावर ओरडला. कपाळावरून रक्त डोळ्यात येत होतं, पण बघत होता माझ्याकडे. भावाकडे बघायचा त्याच नजरेने बघत होता. मी खुर्ची ठेवली.

मग त्याने दादाला अगदी हळू विचारलं, "दादा, इथला पत्ता तुला कुणी दिला?"

दादाने हनुवटीने माझ्याकडे दाखवलं.

तेवढ्यात नर्सताई आणि रविवारचे चौघं जिना चढून आले, मागे इस्त्रीवाला गरम इस्त्री हातात घेऊन. दादाने माणसं मोजली, सदऱ्याला नाक पुसलं आणि लंगडत निघाला. जाताना म्हणाला, "घाई नाही. आता घर पाहिलंय."

संध्याकाळच्या आत मास्तरची खोली रिकामी झाली. तो कुठे गेला हे मला कुणी सांगितलं नाही, आणि मी विचारलं तेव्हा नर्सताई माझ्या ओठाला टाके घालत होती.

"नाही सांगणार," ती म्हणाली. "आणि डोळे वटारू नकोस माझ्यावर. तो म्हणाला होता ना, बस म्हणून?"

"म्हणाला होता."

"एवढंच काम होतं गं. बसायचं." दोरा कापून ती म्हणाली, "त्याच्या हातातली कात्री काढून घेतली आपण. तुझ्या हातातलं काढायचं राहूनच गेलं. सोमवारी त्याच डॉक्टरकडे जायचं. मी सोबत येते."

मी गेले. अजूनही जाते. तिथे बापाबद्दल बोलावं लागतं. पहिले तीन सोमवार मी फक्त भांडले.

चार महिन्यांनी इस्त्रीवाला माझ्या दुकानात आला आणि पेपरातली वस्तू पुढे ठेवली. "धार लावून ठेव म्हणाले आहेत. बाकी काही विचारायचं नाही."

मी कात्री उजेडात धरली. धार मीच लावलेली होती, जशीच्या तशी. चार महिन्यांत तिने कापड पाहिलंच नव्हतं. शिंप्याची कात्री बोथट होत नसेल तर शिंपी काय करतोय? वाटलं, इस्त्रीवाल्याची गचांडी धरावी आणि पत्ता काढून घ्यावा. मी दोन्ही हात मांड्यांखाली घालून बसले, डॉक्टरांनी शिकवलं तशी. तेव्हा कुठे मला पात्याच्या टोकाला काही चरे दिसले. आतल्या बाजूला. कात्री डाव्या हाताने धरून, पाती एकमेकांपासून लांब जात असताना जबरदस्तीने कापायचा प्रयत्न केला की तसे चरे पडतात. दहा-बारा प्रयत्न असतील, मग सोडून दिलेलं. अंगठा बरा झाला नव्हता तर.

डावऱ्यांची कात्री आमच्या बाजारात मिळत नाही. मी ती तीन आठवडे शोधली, मागवली, दोन दिवस बसून धार लावली आणि जुन्या खोळीत घालून इस्त्रीवाल्याकडे दिली. निरोप काही दिला नाही. काय देणार? त्याने सांगितलं होतं की बोलू नकोस.

महिना गेला. दुसरा गेला. इस्त्रीवाला रस्त्याने जाताना दिसायचा आणि मी हाक मारायचे नाही. फक्त बसायचे.

तिसऱ्या महिन्यात तो खोळ घेऊन आला. मी खोळ उघडली, कात्री काढली आणि अंगठा पात्यावरून फिरवला. लोण्याला चरा पडला नसता. मधोमध टाचणी कापल्याची खाच, कडेला खडूची पांढरी भुकटी, सांध्यात निळ्या कापडाचे धागे. सगळी वापरून टाकली होती. इतकी बोथट कात्री मी जन्मात पाहिली नव्हती.

"कधी हवी?" मी विचारलं.

"उद्या सकाळी नऊला," इस्त्रीवाला म्हणाला. "त्यांना घाई आहे. कामं पडून आहेत म्हणे."