आखाजीचा पाहुणचार

चुडामणने कॉम्प्युटरचा पडदा शेठच्या नजरेआड जरासा वळवला. भीती होती तेच झालं होतं. धुळ्याच्या या शाखेत अजून जुनाच प्रोग्राम चालत होता. फोनवरून जळगावच्या मुख्य ऑफिसला जोडून देणारा, आणि पासवर्ड न विचारणारा. त्याची फ्लॉपी ज्याच्या हाती, त्याला कंपनीच्या बियाण्याचे सगळे भाव उघडे.

नवा प्रोग्राम बसवायला तो आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, तोंडावर जळगावहून इथं आला होता. पण शाखेचे मॅनेजर रुपचंदनाना पडले सख्खे सासरे! सासुरवाडीत जावयाला काम कोण करू देतंय? खापरावरचे मांडे झाले, वाटीवर वाटी आमरस झाला, आणि मग जी झोप लागली ती थेट शेवटच्या एसटीपर्यंत. जळगावला पोचून या बहाद्दराने ‘बसवला’ म्हणून सांगूनही टाकलं.

आता ते भाव बाहेर फुटले होते. कामावरून काढलेल्या एका सेल्समनकडे जुनी फ्लॉपी होती, हे चुडामणला पक्कं ठाऊक होतं. आळ मात्र ऑपरेटर प्रमिलाबाईंवर आला. नवा पासवर्ड त्यांनीच फोडला, असं शेठनी धरलं. ‘मला पासवर्ड कुणी दिलाच नाही,’ म्हणून बाई रडकुंडीला आल्या होत्या. शेठना तो कांगावा वाटला.

“रुपचंदभाऊ, जावयाने प्रोग्राम बसवला होता ना?”

“बसवला ना शेठ. माझ्या डोळ्यांदेखत.”

चुडामणचे कान तापले. जन्मात खोटं न बोललेला माणूस त्याच्यापायी भर ऑफिसात खोटं बोलला होता. बाईंनी मुकाट्याने डबा पिशवीत घातला.

“शेठ...”

“चूप बठा, पाहुना,” नाना पुटपुटले.

खरं बोलावं तर सासरा चारचौघांत खोटा पडणार. चुडामणला स्वतःची किळस आली.

“मी मशीनला हातच लावला नव्हता शेठ. मांडे खाऊन झोपलो होतो.”

नानांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. बाईंच्या मनावरचं ओझं उतरलं असेल, असं वाटून चुडामणने मान वर केली.

प्रमिलाबाई त्याच्याकडेच बघत होत्या.

“माझ्यावर आळ आला म्हणून मी जळगावला फोन केला तेव्हा तुम्हीच उचलला होता ना, साहेब? तुम्हीच म्हणालात, बाई, कबूल करून टाका, शेठ माफ करतील.”