न वाढलेला हप्ता

"व्याजदर वाढला, पण तुमचा हप्ता एका पैशानंही वाढला नाही, वहिनी!" बँकेतले कर्जाचे साहेब अशा थाटात म्हणाले, जणू फरक स्वतःच्या खिशातून भरला होता. घराचं कर्ज घेऊन वर्षही झालं नव्हतं. नवऱ्याचा चेहरा लगेच खुलला.

मांडीवरच्या तान्ह्या लेकीला सावरत तिनं विचारलं, "मग वाढलेलं व्याज भरतंय कोण?"

"मुदत जराशी पुढे गेलीय."

"जराशी म्हणजे?"

"वीसची पंचवीस वर्षं."

जराशी म्हणे! पाच वर्षांचे हप्ते या गृहस्थानं गोड हसण्याखाली झाकून ठेवले होते.

"हे अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त होणार. त्यापुढची दोन वर्षं तुम्ही भरणार का?"

"तोवर ही कमावती होईल की!"

"हिला अजून दात आले नाहीत, आणि तुमचा हिच्या पगारावर डोळा? मुदत वीसच ठेवा, हप्ता वाढवा."

"असं कुणी मागत नाही हो."

"कारण तुम्ही कुणाला सांगत नाही."

नवरा तिच्या कानाशी पुटपुटला, "अगं, मग गाडी घ्यायची होती, तिचं काय?"

"बसनं फिरू. म्हातारपणी यांच्या दारात उभं राहण्यापेक्षा बरं." तिनं त्याच्या हातात पेन कोंबलं आणि त्यानं निमूट सही केली.