दोन्ही बाह्या डाव्या

मास्तरांची कात्री चुकत नाही, हे त्या बाजारात कुणीही सांगितलं असतं. नाहीतर इतका तिरसट शिंपी लोकांनी खपवून घेतला असता होय? कापायचं मास्तरांनी आणि शिवायचं काजबाईनं, असा दुकानाचा शिरस्ता. बाईच्या हातची काजं इतकी देखणी, की तिचं खरं नाव विचारायचं कुणाला सुचलंच नाही. मात्र कात्रीला तिनं हात लावायचा नाही. फार तर अस्तर कापावं, तेही मास्तरांच्या डोळ्यांदेखत.

त्या दिवशी शाळेच्या हेडबाईंचा कोट कापायचा होता. कापड त्यांच्या भावानं लांबून पाठवलेलं, जेमतेम पुरेल एवढं. घडी घालून दोन्ही बाह्या एकदम निघेनात, म्हणून एकेक कापायची. अशा वेळी एक बाही झाली की कागदाचा नमुना पालथा करून दुसरी कापतात. यात कसलं आलंय कसब? शिंप्याच्या घरातली मांजरसुद्धा सांगेल. पण मास्तरांनी नमुना पालथा केलाच नाही, आणि दोन्ही बाह्या डाव्या निघाल्या.

हेडबाई कच्चा शिवलेला कोट घालून बघायला आल्या आणि नेमकं तेव्हाच काजबाई बोलून गेली, "अहो मास्तर, या दोन्ही डाव्याच आहेत की!"

मास्तरांनी बाह्यांकडे पाहिलं. चूक कुणाची ते त्यांना त्याच क्षणी कळलं. आणि तरी तोंडातून निघालं, "असणारच! म्हणून तुम्हाला कापायला देत नव्हतो. जमत नव्हतं तर विचारायचं होतंत."

"मी कापल्या?" काजबाई म्हणाली. एवढंच.

हेडबाईंनी मग तिची अशी खरडपट्टी काढली, की समोरचा पानवाला गिऱ्हाईक सोडून बघत राहिला. आता नवं कापड कुठून आणू, भावाला काय सांगू, कात्री धरायची अक्कल नाही तर धरता कशाला! मास्तर खडूची धार करत बसले. काजबाईनं सुई टोचू नये म्हणून बोटात घातलेलं अंगुस्तान काढून मशीनवर ठेवलं, चपला घातल्या आणि ती गेली. पुन्हा आली नाही.

खरं म्हणजे मास्तरांचं आधीपासूनच कुठेतरी बिनसत होतं. चालताना पाय जमिनीवरून उचलतच नसत, फरफटत जात. काही विचारलं तर उत्तर यायला इतका वेळ लागे, की विचारणारा प्रश्न विसरावा. आधी खांदा कापायचा की पाठ, यावर ते कात्री धरून उभे राहत. लेक म्हणायची, "बाबा, ब्लडप्रेशरच्या गोळ्या घ्या." हे म्हणायचे, "मला काय धाड भरलीय?" शेवटी दुकानाच्या पायरीवर पडले, तेव्हा लेकीनं रिक्षात कोंबून डॉक्टरकडे नेलं.

डॉक्टरीणबाई वयानं लहान, पण समजावून सांगणारी. तिनं मेंदूचे फोटो उजेडावर धरले आणि आतले पांढुरके डाग दाखवले. "रक्ताच्या अगदी बारीक नळ्या असतात ना आत, त्या ब्लडप्रेशरनं खराब होत गेल्यात. मेंदूचा एक भाग दुसऱ्याला निरोप देतो ती वाट इथून जाते. तिला रक्त कमी पडलं. म्हणून चाल मंदावली, कामाचा क्रम चुकतो. झालं ते भरून येणार नाही. पण गोळ्या घेतल्यात, रोज चाललात, तर पुढचं बरंचसं थोपवता येईल."

लेकीनं डोळे पुसले. "म्हणजे ती कोटाची बाही तुमच्याच हातून चुकली, तीही या आजारानं! बाबा, तुमचा काही दोषच नाही!"

खुर्चीतल्या खुर्चीत मास्तरांना बरं वाटलं. अगदी लाज वाटावी इतकं बरं वाटलं. मग त्यांनी विचारलं, "डॉक्टर, माणूस खोटं बोलतो तेही या डागांमुळेच का?"

"या आजारात माणूस चिडतो, गप्प होतो," ती म्हणाली. "पण बोललात ते तुम्हाला आठवतंय का?"

"अक्षर न् अक्षर."

"आणि बोलताना माहीत होतं खोटं आहे ते?"

मास्तरांनी हो म्हणून मान हलवली.

"मग ते बिचाऱ्या डागांच्या माथी नका मारू, आजोबा."

लेक मात्र गप्प बसणारी नव्हे. ती त्याच आठवड्यात काजबाईच्या घरी जाऊन आली, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी काजबाई बिस्किटांचा पुडा घेऊन दुकानात हजर. मास्तरांसमोर स्टुलावर बसली, आजाऱ्याशी बोलतात तसं हळू बोलली. "आजारामुळे झालं ते. तुमचा काय दोष, मास्तर?"

किती सोपं होतं! नुसती मान डोलवायची होती. तिनं अंगुस्तान घातलं असतं, दुकान पहिल्यासारखं चाललं असतं. मास्तरांचे कान तापले. शब्द जुळवायला वेळ लागला, ती थांबली.

"बाही आजारानं कापली," ते म्हणाले. "खोटं मी बोललो. माझ्या कात्रीला कुणी हसू नये म्हणून तुम्हाला पुढे केलं. लाज वाटते बाई. तुमच्या नजरेला नजर देववत नाही."

काजबाईचा चेहरा बदलला. ते हळू बोलणं पार गेलं.

"बरं झालं सांगितलंत! लेक येऊन गेल्यापासून माझी पंचाईत झाली होती. आजाऱ्यावर रागवायचं तरी कसं? आता ऐका." आणि तिनं जी सुरुवात केली! बाजारातून जाताना बायका मागून कुजबुजायच्या, दुसऱ्या दुकानात कुणी उभं करेना, नवरा म्हणाला खरंच चुकली असशील. सगळं भडाभडा बाहेर आलं. लेक मध्ये पडली, "अहो, बाबांना त्रास नको..."

"बोलू दे त्यांना," मास्तर म्हणाले. गेले कित्येक दिवस सगळे त्यांच्याशी तान्ह्या बाळाशी बोलावं तसे बोलत होते.

दमल्यावर काजबाईनं विचारलं, "आणि हेडबाईंना काय सांगितलंत?"

"काही नाही."

"मग उठा. शाळा सुटायला वेळ आहे अजून."

मास्तर उठले. पायरीपाशी पाय जागचे हलेनात. काजबाई रस्त्यावर उभी होती. तिनं हात पुढे केला नाही, आणि त्यांना सोडून पुढेही गेली नाही.