समुद्रावर नऊ जनावरं

शारशेनाली बाइके माझ्या कॉम्प्युटर क्लबात पहिल्यांदा आले ते पेन्शनच्या कागदाची झेरॉक्स काढायला. आमच्याकडे वडीलधाऱ्या पुरुषाला बाइके म्हणतात. आमच्या डोंगराळ नारिनच्या थंडीत माझं मशीन गरम व्हायला दहा मिनिटं घेतं. तेवढ्या वेळात ते पाच नंबरच्या कॉम्प्युटरपुढे बसले, कारण ती खुर्ची शेगडीजवळ आहे. पडद्यावर कुणीतरी अर्धवट सोडून गेलेला खेळ चालू होता. चारही बाजूंना पाणी, मधे चार फळ्यांचा तराफा आणि त्यावर एक उघडाबंब माणूस.

"हा कोण?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही."

"माझे कपडे कुठायत?"

मी त्यांना दोरीचा आकडा फेकून वाहत येणाऱ्या फळ्या, पानं, पिंपं कशी ओढायची ते दाखवलं. झेरॉक्स निघाली. ती दोन तास तशीच मशीनवर पडून होती.

हा माणूस अडतीस वर्षं डोंगरावर मेंढ्या राखलेला. गुडघे गेले म्हणून कळप थोरल्या मुलाकडे दिला आणि नोव्हेंबरपासून घरात बसला. त्यांची बायको उरुइकान मला म्हणाली होती, "रायकान, हा दिवसभर मला राखतो गं. मी या खोलीतून त्या खोलीत गेले तर मोजून घेतो." त्यामुळे दुसऱ्या दिवशी बरोबर अकरा वाजता बाइके कुठलाही कागद न घेता आले. मी शेगडीत कोळसा तेवढा टाकला.

खेळ असा की तहान भागवायची, भूक भागवायची, तराफा वाढवायचा आणि एक शार्क सतत कडेच्या फळ्या चावत असतो त्याला भाल्यानं हाकलायचं. असं बेटाबेटानं पुढे जायचं. शेवटी एक दीपगृह आहे, तिथला दिवा लावला की खेळ संपला. शहाणा माणूस आधी पाणी गोडं करायची चूल बांधतो. बाइक्यांनी तीन दिवस नुसती पानं गोळा केली.

"पाणी नाही तुमच्याकडे," मी म्हटलं. "मराल."

"वैरण आधी. हिवाळा यायचाय."

"बाइके, या समुद्रात हिवाळा नाही. आणि खायला जनावर कुठाय?"

"वैरण असली की जनावर येतं."

ते तहानेनं सहा वेळा मेले. प्रत्येक वेळी मिशीवरून हात फिरवून "पाण्यातच खोट आहे" म्हणाले.

आता खरी गोष्ट. त्यांची धाकटी मुलगी बेगिमाइ दोन वर्षांपूर्वी एलेबेस नावाच्या पोराबरोबर निघून गेली. विचारलं नाही, सांगितलं नाही, उशीवर चिठ्ठी. आमच्याकडे असं झालं की मुलाकडच्यांनी मेंढ्या घेऊन मुलीच्या बापाचा राग दाबायला यायचं असतं. त्याचं नावच ते, राग दाबणं. आले होते ना. एलेबेसचे दोन काका तीन मेंढ्या घेऊन दारात उभे राहिले. बाइक्यांनी त्यांना चहा पाजला आणि मेंढ्यांसकट परत पाठवलं. म्हणाले, "तुमच्यावर माझा राग नाही. तुम्ही माझी मुलगी नेली नाहीत. ज्यानं नेली त्यानं यावं." आणि ज्यानं नेली तो कोरियात आरशांच्या कारखान्यात, तीन वर्षांच्या करारावर. मधे आला तर परत जाता येत नाही.

राग दाबला जात नाही तोवर मुलीनं बापाच्या उंबऱ्यावर पाय ठेवायचा नाही. आणि आता बेगिमाइ पाचव्या महिन्यात होती, तिचा कोरियाचा व्हिसा मार्चमध्ये संपत होता, आणि ती परत येणार होती. कुठे उतरणार, तर शेजारीण म्हणून माझ्याकडे. माझ्याकडे एकच पलंग आहे आणि मी झोपेत लाथा मारते. म्हणजे प्रश्न माझाही होता.

जानेवारीत मी बाइक्यांच्या खांद्यावरून म्हटलं, "या तराफ्यावर दुसरा माणूसही येऊ शकतो बरं का. दुसऱ्या देशातून. एलेबेस हा खेळ खेळतो."

त्यांनी मान वळवली नाही. "कोण एलेबेस?"

"तुमचा जावई."

"मला जावई नाही." मग थोड्या वेळानं, "हा भाला माणसाला लागतो का?"

"लागतो."

"बोलाव."

एलेबेसची पाळी सुटायची तेव्हा आमचे अकरा वाजलेले असत. तो आला. पाण्यातून पोहत, शार्कला चुकवत, आणि तराफ्यावर चढला तोच बाइक्यांनी त्याला भाल्यानं भोसकून परत पाण्यात टाकला. मी स्पीकर चालू ठेवला होता. क्लबातले सगळे आपापले खेळ सोडून बघत होते.

"सलाम आलेकुम, बाबा," पाण्यातून आवाज आला.

"दार त्या बाजूला आहे."

"बाबा, तराफ्याला दार नसतं."

"तू मानाच्या बाजूनं घुसलास. तिथे पाहुणा बसतो. माझा बिछाना तिथे आहे, पेटी तिथे आहे. ज्याला घर दिसत नाही त्याला दार कसं दिसणार?"

त्यावर एलेबेसला शार्कनं खाल्लं. तो पुन्हा आला, आणि या वेळी वळसा घालून पलीकडून चढला, उजवा पाय आधी टाकून. खेळातल्या माणसाला उजवा-डावा पाय असतो हे मला तोवर माहीत नव्हतं. बाइक्यांनी भाला खाली केला.  आणि मी बघितलं, त्यांनी आपल्या चुलीवरचं गोडं पाणी त्याच्यापुढे ठेवलं. शत्रू असला तरी तहानलेल्याला पाणी द्यावं लागतं, तो भाग वेगळा.

आठवडाभर दोघे शब्द न बोलता फळ्या ओढत होते. मग बाइक्यांनीच विषय काढला. माझ्याकडे बघून म्हणाले, म्हणजे ऐकवायचं त्याला, "मेंढ्या कुठेत? रिकाम्या हातानं राग दाबायला येतात का?"

एलेबेस म्हणाला, "बाबा, बेटांवर बकऱ्या आहेत. जाळं टाकून पकडता येतात."

"किती आणशील?"

"किती हव्यात?"

"नऊ."

देणंघेणं नवाच्या हिशेबात करावं हे आमच्याकडे पोरालाही कळतं, त्यामुळे एलेबेसनं वाद घातला नाही. मी मधे पडले. "नऊ झाली आणि दिवा लावून खेळ संपवला, की राग दाबला गेला. कबूल?"

"कबूल," बाइके म्हणाले. साक्षीला क्लबातले अकरा जण होते, मी मोजले.

पहिल्या बेटावर एलेबेसनं तीन कोंबड्या आणल्या. बाइक्यांनी त्या बघितल्या आणि चष्मा पुसला. "ही कसली थट्टा?"

"तीन झाली, बाबा."

"कोंबडी हे जनावर नाही. भाजीपाला आहे तो."

कोंबड्या ठेवून घेतल्या, मोजल्या नाहीत. मग बकऱ्या आल्या. एका बकरीमागे एलेबेसला रानडुकरानं दोनदा मारलं, आणि तिसऱ्यांदा बाइके स्वतः भाला घेऊन बेटावर उतरले. "डावीकडून ये. डावीकडून. कळप कधी राखलाय का?"

"नाही, बाबा. माझे वडील बस चालवायचे."

"दिसतंय. हॉर्न वाजवत येतोस."

त्या दिवशी ते पहिल्यांदा हसले. मग लामा आले, लांब मानेचे. बाइक्यांनी त्यांना उंट ठरवलं आणि त्यावर कुणाचं ऐकलं नाही. प्रत्येक जनावराला गवताचा वाफा लागतो, वाफ्याला पाणी लागतं, पाण्याला चूल लागते. तराफा शाळेच्या मैदानाएवढा झाला. दुसरे खेळाडू इंजिन बसवतात, सुकाणू बसवतात. आमच्या तराफ्यावर गोठा, वैरणीची गंजी, पाहुण्यांची बैठक, आणि एक बारकं इंजिन अडगळीत. वारा बदलला की बाइके "वरच्या कुरणाकडे चला" म्हणत आणि सगळा संसार हलवत. जे दीपगृह इतर लोक तीन आठवड्यांत गाठतात ते आम्हाला दहा आठवडे दिसलं नाही.

नववं जनावर फेब्रुवारीच्या शेवटी आलं. दीपगृह मार्चच्या सहा तारखेला दिसलं. बेगिमाइ बारा तारखेला येणार होती. मी निश्वास सोडला आणि पलंगाची काळजी सोडली, ती चूकच झाली.

कारण दिवा लावायला दोघांनाही तराफा सोडून वर चढायचं होतं. एकट्यानं भागत नाही, खेळाचा नियमच तसा. आणि बाइके उतरेनात.

"जनावरांजवळ कोण थांबणार?" ते म्हणाले.

"कुणी नको," एलेबेस म्हणाला. "अर्ध्या तासाचं काम आहे, बाबा."

"अर्ध्या तासात लांडगा चाळीस मेंढ्या फाडतो. मी बघितलंय."

"इथे लांडगा नाही."

"तो काय आहे मग?" त्यांनी शार्ककडे बोट दाखवलं. "आणि तो गिधाडासारखा पक्षी? कळप उघडा टाकून मी आजवर गेलेलो नाही. माझ्या लग्नाला मी उशिरा पोचलो, विचार उरुइकानला."

मी म्हटलं मी थांबते. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत बघितलं. मी आधी वाचनालयात होते, हे ते कधी विसरत नाहीत. "तुझ्याकडे मांजर होतं ते पळून गेलं," ते म्हणाले. क्लबातल्या दुसऱ्या कुणालाही त्यांनी हात लावू दिला नाही. आपलं जनावर घरच्या माणसाच्या ताब्यात देतात, परक्याच्या नाही, आणि घरचा दुसरा माणूस तिथे नव्हता.

सहा तारखेची सात झाली, सातची अकरा. तराफा दीपगृहाच्या पायथ्याशी नांगरलेला. रोज अकराला एलेबेस येई, दोघे गवताला पाणी घालत, बकऱ्यांचं दूध काढत, कोरियातल्या जेवणाला नावं ठेवत. तराफा त्यांना सोडवत नव्हता तो नुसत्या जनावरांपायी नाही, एवढं मला दिसत होतं. दिवा लागला की खेळ संपणार, आणि अकरा वाजता हाक मारणारं कुणी राहणार नाही. पण असलं काही शारशेनाली बाइक्यांना तोंडावर सांगायला मी काही वेडी नाही.

बारा तारखेला बिश्केकहून व्हॅन आली ती थेट माझ्या दारात. बेगिमाइ उतरली. पोट पुढे, सूटकेस मागे, गाल थंडीनं लाल. वडिलांचं घर चाळीस पावलांवर. तिकडे तिनं एकदाच बघितलं आणि माझ्या क्लबात शिरली. आत बाप पाच नंबरवर. दोन वर्षांत पहिली भेट.

"सलाम, बाबा," ती म्हणाली.

बाइक्यांनी मान हलवली. नजर पडद्यावर. कानात हेडफोन, ज्यात तिचा नवरा म्हणत होता, "बाबा, ती पोचली का? बाबा?"

तिनं खोली बघितली, पडदा बघितला, बापाची पाठ बघितली. मी तिला दोन वाक्यांत सांगितलं काय अडलंय ते. तिनं कोट काढला आणि सहा नंबरच्या खुर्चीत, पोट सांभाळत, हळूच बसली.

"एजे, मला यात घाला," ती मला म्हणाली, एजे म्हणजे ताई. "नाव लिहा."

तराफ्यावर तिसरा माणूस उगवला. ती बकऱ्यांमधून एक फेरी मारून आली, पाणी बघितलं, वैरण बघितली. "ही मधली गाभण आहे का?"

"खेळात गाभण होत नाहीत," बाइके पुटपुटले.

"मग ही इतकी खाते कशाला? उत्तरेचा वाफा मोकळा ठेवलाय तुम्ही. पक्षी तिकडूनच येणार ना?"

बाइक्यांनी वाकून बघितलं. उत्तरेचा वाफा खरंच मोकळा होता. मग खुर्ची सरकवून त्यांनी तिच्या पडद्यावर बोट ठेवलं. "त्या पांढरीला आधी पाज. ती ढकलते. उंटांना शेवटी."

"हे उंट?"

"उंट."

"बरं."

"शार्क आला तर भाला इथे. घाई करायची नाही, तोंड वर काढलं की मारायचं."

"बाबा, मला तुम्हीच शिकवलंय. जा तुम्ही."

"थांबशील ना इथे?"

"थांबते."

ते तराफ्यावरून उतरले. एलेबेस पुढे, ते मागे, आणि तीनशे बारा पायऱ्या. दर वळणावर बाइके थांबून खाली बघत. "पांढरी कुठाय?" "पितेय, बाबा." "उंट?" "बसलेत." वर पोचल्यावर दोघांनी मिळून दांडा फिरवला आणि दिवा लागला. समुद्र पार दूरपर्यंत उजळला.  मग खेळ बनवणाऱ्यांची नावं खालून वर जाऊ लागली. बाइक्यांनी ती सगळी वाचली, ओठ हलवत, इतक्या माणसांनी कष्ट केले म्हणून. शेवटचं नाव गेल्यावर दोन्ही हात चेहऱ्यावरून फिरवून दुआ केली. बाइक्यांच्या हेडफोनमधून एलेबेसचा "ओमिन" ऐकू आला, सहा नंबरवरून बेगिमाइचा.

"राग दाबला गेला," बाइके माझ्याकडे बघून म्हणाले, जणू मी पावती मागितली होती. मग हेडफोनमध्ये : "जावईबापू, जनावरं आहेत ना अजून?"

"आहेत, बाबा. खेळ परत उघडला की तिथेच."

"मग उद्या अकराला ये. त्यांना कोण बघणार."

त्यांनी सूटकेस उचलली. बेगिमाइ म्हणाली, गुडघे दुखतात तुमचे, द्या इकडे. ते म्हणाले, तू स्वतःला उचल आधी. मी शाल ओढून मागोमाग निघाले, एवढी चाळीस पावलं बघायला मी दहा आठवडे कोळसा जाळला होता.

गल्लीतच तळणाचा वास आला. दार सताड उघडं. आत उरुइकान, कणकेनं पांढरे हात, आणि बोरसोकांचा, म्हणजे तळलेल्या कणकेच्या तुकड्यांचा, ढीग टेबलावर असा की पलीकडची भिंत दिसत नव्हती. एवढे तळायला पहाटेच बसावं लागतं. तिनं ओच्यातल्या गोळ्या-चॉकलेटं मूठभर मुलीच्या डोक्यावरून उधळली, तिला मिठीत घेतलं, आणि खांद्यावरून नवऱ्याकडे बघितलं.

"तुला कुणी सांगितलं?" बाइके दारातच उभे. "दिवा आत्ता लागलाय. पाच मिनिटं झाली."

"कसला दिवा?" उरुइकान म्हणाली. "दार लावा, थंडी येतेय."