एकशे बाराव्या भागातलं जेवण

प्रवीण अंगणात आला तेव्हा स्नेहल मटणाचा रस्सा ढवळत होती. दोन वर्षं या घरात पाऊल न टाकलेला दीर आज जेवायला आला होता, आणि त्याला बोलावलं होतं खुद्द तिच्या नवऱ्याने, हर्षदने.

"ये रे. हातपाय धू," हर्षद म्हणाला. "आधी पोटभर जेव. बोलायचं ते मागनं."

स्नेहलचा हात थांबला. हे वाक्य तिने याआधी तीनदा ऐकलं होतं.

'धारराव' ही मालिका संपून सोळा वर्षं झाली होती; पोलादपूरच्या आसपास मात्र ती अजून चालूच होती. सलूनमध्ये, रिक्षा स्टँडवर, लग्नघरात जागणाऱ्यांच्या मोबाइलवर. खंडणी आणि खून हाच धंदा असलेलं त्यातलं धारराव कुटुंब. पण लोक बघत ते त्यांचं एका पंगतीला बसणं, आईपुढे मान खाली घालणं, आणि भावाभावांचं धुमसणं. "आमचा चुलता अस्साच!" असं कुणीतरी म्हणायचंच. हर्षद आणि प्रवीण लहानपणी शेजारच्या कोंडाजीकडे एका गोधडीत बसून ती बघायचे. प्रवीणने डोंगरउताराच्या जमिनीतला आपला हिस्सा मुंबईच्या माणसाला विकायचं ठरवलं, तेव्हापासून हर्षद ती पुन्हा पहिल्यापासून बघत होता. एकशे बाराव्या भागात थोरला धारराव धाकट्या भावाला जेवायला बोलावतो, 'आधी पोटभर जेव' म्हणत स्वतः वाढतो, आणि मग आपल्या ड्रायव्हरबरोबर घरी पाठवतो. तो घरी पोचत नाही.

काहीतरीच! स्नेहलने स्वतःला दटावलं. पण खिडकीतून पाहिलं तर प्रवीणच्या मोटारसायकलचं मागचं चाक पार बसलेलं. आणि फणसाखाली चांगूची जीप. हर्षदचा हा शाळेपासूनचा दोस्त, मटणाच्या वासावर आत येणारा, आज खाली मान घालून गाडीतच बसून होता.

हर्षद स्वतः वाढत होता.

"अजून घे. मंगळवारी सही हाय ना तुझी?"

"हाय."

"बरं."

प्रवीण हळूहळू जेवला. हात धुऊन बाहेर आला तसा हर्षद म्हणाला, "गाडी पंक्चर दिसतेय रे. चांगू सोडील तुला."

स्नेहल पदराला हात पुसत पुढे झाली. "मी पण येते. पोलादपूरला राहीबाईंकडे ब्लाउज शिवायला टाकलेत."

"आज दुकान बंद असतं."

"घरी असतात त्या."

"तुला आताच कशाला जायचंय गो?" हर्षदचा आवाज चढला.

ती जीपमध्ये प्रवीणच्या शेजारी जाऊन बसली. चांगूने हर्षदकडे पाहिलं. हर्षद जमिनीकडे बघत राहिला.

कातळाच्या वळणावर चांगूने गाडी हळू केली. झाडीतून दोन माणसं रस्त्यावर आली. एकाच्या हातात लोखंडी कांब. स्नेहलने प्रवीणचं मनगट घट्ट धरलं.

"चांगू भावजी, थांबू नका. आधी माझ्यावर हात टाकायला लागेल."

कांबवाल्याने वाकून आत बघितलं. "हिला कशाला आणलीस रे?"

चांगूच्या मानेवरून घाम ओघळत होता. क्षणभर गाडी तशीच घरघरली. मग त्याने दात आवळून गाडी पुढे काढली. हायवे लागेपर्यंत त्याने वेग कमी केला नाही.

पोलादपूरच्या स्टँडवर उतरल्यावर प्रवीण म्हणाला, "वहिनी, मला ठाऊक होतं. 'आधी पोटभर जेव' म्हणाला तेव्हाच कळलं."

"मग जेवलात कसे? गाडीत बसलात कसे?"

"दादा असं करील हे पटेचना. घास घेत होतो आन् वाटत होतं, आता म्हणंल, आता म्हणंल, नको जाऊ. त्याने मीठ वाढलं फक्त."

स्नेहल त्या दिवशी घरी गेली नाही. महाडची एसटी धरून ती नाते गावी, माहेरी गेली. संध्याकाळी हर्षदचा फोन आला.

"मारायचं नव्हतं गो. हात मोडायचा होता फक्त. सही होऊ नये म्हणून."

"काय बोलताय, तुमचं तुम्हाला ऐकू येतंय का?"

ती उत्तरासाठी थांबली नाही.

"पहिलं प्रवीण भावजींकडे जा. मग मला न्यायला या," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

मंगळवारी सही झाली. हर्षद तिकडे फिरकला नाही, की त्याने अडवायला कुणाला पाठवलं नाही. बुधवार गेला, गुरुवार गेला. स्नेहलला अन्न गोड लागेना. शुक्रवारी सकाळी प्रवीणचा फोन आला.

"वहिनी, दादा आलाय. कधीचा अंगणात उभा हाय. आत ये म्हटलं तरी येत नाय, बोलत पण नाय."

"एकटेच आलेत?"

"एकटाच."

"मग तुम्ही काय करताय?"

"मी पण बाहेरच उभा हाय," प्रवीण म्हणाला.

"तसेच थांबा दोघं," स्नेहल म्हणाली, आणि पायांत चपला सरकवून एसटीच्या थांब्याकडे निघाली.