कॉलेजचा ड्रेस

माझी पोरगी रोहिणी बारावी झाली आणि गंगाखेडच्या एका डाळमिलमध्ये पॅकिंगला लागली. तिच्यासारख्या आणखी सात-आठ मुली होत्या. सगळ्या बारावी झालेल्या, सगळ्या ट्रेनी. सहा महिने शिका, मग कायम करतो, असं ठेकेदार योगीराज म्हणाला होता. पिशवीत डाळ भरून तोंड शिवायचं, त्यात शिकायचं किती? वर्ष झालं तरी मुली शिकतच होत्या.

कायम झाल्यावर पगारातून ईएसआय कापणार होते. थोडे पैसे पोरीचे, थोडे मालकाचे. मग कार्ड निघतं आणि त्या कार्डावर आईबापाचाही दवाखाना होतो. ट्रेनीचं काही कापत नव्हते, म्हणून कार्डही नव्हतं.

ते कार्ड माझ्या बायकोला, चांगुणाला हवं होतं. तिच्या हृदयाची झडप खराब झाली होती. मी गवंडीकाम करतो. काम असेल तेव्हा गोळ्या आणायचो. नसेल तेव्हा ती गोळी मोडून अर्धी खायची आणि आज बरं वाटतंय म्हणायची.

मिलमध्ये एक पद्धत होती. प्रत्येक मुलीने आपला कॉलेजचा ड्रेस तिथे पिशवीत घालून ठेवायचा. तपासणीचे साहेब आले की फाटकावरचा माणूस आत कळवायचा. मुली पटापट ड्रेस घालून रांगेत उभ्या राहायच्या. कॉलेजातून मिल बघायला आलोत, असं सांगायचं. ठेवून ठेवून ड्रेसवर डाळीची धूळ बसायची, म्हणून रोहिणी तो अधूनमधून घरी आणायची. चांगुणा धुवायची, पांढऱ्या ओढणीला नीळ द्यायची. कशासाठी धुतो ते तिला ठाऊक होतं.

"कार्ड निघंस्तोवर घाल बाई," म्हणायची.

एका सकाळी रोहिणीने आईला गोळी मोडताना पाहिलं. त्याच आठवड्यात साहेब आले. बाकीच्या मुलींनी ड्रेस घातले, रोहिणी कामाच्या कपड्यांतच उभी राहिली. पुढचं तिने मला घरी आल्यावर सांगितलं. ती साहेबांना म्हणाली, मी वर्षभरापासून इथं कामाला आहे, माझं ईएसआय का कापत नाहीत?

योगीराज हसला. "सायब, हिला नोकरी पायजे हाय. उद्यापासून ये म्हणलं, तर मागच्या वर्षाचा पगार मागायलीय."

हजेरीत तिचं नाव नव्हतंच. साहेबांनी रांगेतल्या मुलींना विचारलं, हिला ओळखता का? पहिलीच माधवी होती. ती आणि रोहिणी पहिलीपासून एका बाकावर बसलेल्या.

"न्हाई," माधवी म्हणाली. "आमी आजच आलोत."

बाकीच्याही तेच म्हणाल्या. साहेब म्हणाले, साक्षीदार मिळाला तर लेखी तक्रार द्या. रोहिणी ड्रेसची पिशवी घेऊन घरी आली.

चांगुणा तिच्यावर रागावली नाही. ड्रेस पुन्हा धुतला. दुसरीकडे कुठं लागलीस तर असू दे, म्हणाली. दोन महिन्यांनी चांगुणा गेली.

जलदान विधीच्या संध्याकाळी पाहुणे पांगल्यावर माधवी आली. दारापाशी बसून रडली. मला वाटलं, माफी मागायला आली असेल. रडणं थांबल्यावर म्हणाली, "काका, आमची धाकटी मिलमधी लागायलीय. तिच्या कॉलेजला ड्रेस नव्हता. रोहिणीचा देता का?"

रोहिणी भांडी घासत होती. मागे न बघता तिने विचारलं, "सायब आल्यावर ती काय सांगंल?"

"तू खरं सांगून काय झालं?" माधवी म्हणाली.

तिची आई दम्याने अंथरुणाला खिळली आहे, हे आम्हाला ठाऊक होतं. रोहिणीने हात पुसले आणि पेटीतून ड्रेस काढून दिला. त्यातली ओढणी मी काढून घेतली. चांगुणाने शेवटची धुतली होती ती. हाताला अंदाज राहिला नव्हता, नीळ जास्त पडली होती.

माधवी ड्रेस घेऊन तिथेच उभी राहिली.

"काका," ती म्हणाली, "ओढणी नसली तर रांगेत घेत न्हाईत."

मग तीही दिली.